सुलतानाची शाळा आणि पंगतीचा प्रश्न

तीस वर्षं शाळेत गणित शिकवलं की एक खोड जडते. कुठल्याही गावी जा, शाळेची इमारत दिसली की पाय थबकतात. इस्तंबूलला आया सोफिया पाहिलं, बोस्फरसवर बोटीतून हिंडून झालं, बक्लावाही हादडला. मग उरलेले दोन दिवस मी मैत्रिणीला बाजारात सोडलं आणि जुन्या शाळा शोधत फिरले.

सुरुवात इस्तिक्लाल रस्त्यावरून. लाल रंगाची जुनी ट्राम घंटा वाजवत गर्दीतून वाट काढते, समोरच्या मासळीबाजाराच्या तोंडाशी भात भरलेले शिंपले लिंबू पिळून विकायला असतात, आणि या सगळ्या गोंगाटात एक भलंमोठं नक्षीदार लोखंडी फाटक उभं आहे. गलातासराय. आपल्याला हे नाव फुटबॉल क्लबमुळे माहीत. तो क्लब 1905 साली याच शाळेतल्या पोरांनी काढला. चालू शाळा आहे, परक्या माणसाला आत सोडत नाहीत, सोडूही नये. मी गजांमधून झाडं बघितली आणि शिंपले खात तिथेच उभी राहिले.

ही शाळा 1868 साली उघडली, तेव्हा तिचं नाव होतं मेक्तेब-इ सुलतानी. तोवर ऑटोमन राज्यात प्रत्येक जमातीची शिक्षणाची सोय आपापली. मुसलमानांचे मक्तब-मदरसे वेगळे, ग्रीक, आर्मेनियन, ज्यू यांच्या शाळा त्यांच्या त्यांच्या धर्मपीठांकडे. 1839 च्या फर्मानापासून तांझिमात नावाचं सुधारणापर्व सुरू झालं होतं आणि 1856 च्या फर्मानाने सगळ्या धर्मांच्या प्रजेला सरकारी शाळा खुल्या केल्या होत्या. पण कागदावर खुलं करणं वेगळं आणि पोरं एका बाकावर बसवणं वेगळं. ते या फाटकाच्या आत करून बघायचं होतं. फ्रान्सचे शिक्षणमंत्री व्हिक्टर द्युरुई यांचा सल्ला, फ्रेंच मुख्याध्यापक, बहुतेक विषय फ्रेंचमधून.

उघडतानाचा पट उपलब्ध आहे: मुसलमान 147, आर्मेनियन 48, ग्रीक 36, ज्यू 34, बल्गेरियन 34, रोमन कॅथलिक 23, आर्मेनियन कॅथलिक 19. एकूण 341. सवयीने मी बेरीज करून पाहिली. जुळते.

जुळत नव्हतं ते बाकीचं. पोपने कॅथलिक पालकांना मुलं पाठवायची मनाई केली. ग्रीक धर्मपीठाची कुरकुर होती. ज्यू पालकांना काळजी की कोशेर, म्हणजे धर्मनियमांप्रमाणे केलेल्या, जेवणाचं काय. मुसलमान पालकांना वाटे, आपलीच शाळा आणि शिकवायला परके. शिवाय वसतिगृह म्हटलं की सुट्टी कोणत्या वारी द्यायची? शुक्रवार, शनिवार की रविवार? साम्राज्याच्या ऐक्याचा मुद्दा असा थेट मुदपाकखान्यात आणि वेळापत्रकात येऊन पोचला. मला हे वाचून हसू आलं, कारण कुठलाही मुख्याध्यापक सांगेल की शाळा धोरणाने चालत नाही, डबा आणि घंटा यांनी चालते.

पुढच्याच वर्षी, 1869 मध्ये, शिक्षणाचा मोठा कायदा आला. पाचशे घरांच्या गावाला रुश्दिये म्हणजे वरची प्राथमिक शाळा, हजार घरांच्या गावाला इदादी म्हणजे माध्यमिक, त्यावर सुलतानी, त्यावर उच्च शिक्षण. 1876 च्या राज्यघटनेत प्राथमिक शिक्षण सर्वांना सक्तीचं, आणि सरकारी नोकरी हवी तर तुर्की यायलाच हवी. कायदा देखणा, तिजोरी रिकामी. गावोगावी शाळा खऱ्या अर्थाने वाढल्या त्या अब्दुलहमीद दुसरा याच्या काळात, म्हणजे ज्याने ती राज्यघटना दोन वर्षांच्या आत गुंडाळून ठेवली त्याच सुलतानाच्या. 1893 मध्ये त्याने अमेरिकेला 51 छायाचित्र-संग्रह भेट पाठवले. त्यात शाळाच शाळा. हातात प्रमाणपत्र धरून ताठ उभ्या असलेल्या मुली, फेझ टोप्या घातलेली गंभीर पोरं. प्रगतिपुस्तकच म्हणा, स्वतःच भरलेलं.

दुसऱ्या दिवशी सकाळी ट्रामने फेनेरला गेले. तिथला चढ गुडघ्यांचा जीव काढणारा, वर दगडी फरसबंदी. माथ्यावर लालभडक विटांची ग्रीक शाळा, किल्ल्यासारखी. परंपरा 1454 पासूनची, इमारत 1880 च्या दशकातली. सरकार एका बाकाचं स्वप्न बघत होतं तेव्हाच हा बुरूज उभा राहत होता! खाली उतरून गोल्डन हॉर्न खाडीच्या काठाला आलं की बल्गेरियन चर्च, अख्खं बिडाचं. सुटे भाग व्हिएन्नाला ओतून डॅन्यूब नदीतून आणि काळ्या समुद्रातून इथे आणले, 1898 मध्ये उद्घाटन झालं. 1870 पर्यंत बल्गेरियन लोक ग्रीक धर्मपीठाच्याच पंखाखाली होते. प्रार्थना ग्रीकमधून, शाळाही बहुतांशी ग्रीक. भांडण देवावरून नव्हतं, भाषेवरून होतं. पोराला कोणत्या भाषेत पाढे शिकवायचे यावरून पोर कुणाचं ते ठरत होतं.

चढावरच एक स्टेशनरीचं दुकान लागलं. दप्तर पाठीवर घेतलेला आठ-नऊ वर्षांचा मुलगा दुकानदाराकडे काहीतरी मागत होता आणि मला एकच शब्द कळला: ‘देफ्तेर’. दुकानदाराने वही काढून दिली. आपलं दप्तर म्हणजे पिशवी, त्यांचं देफ्तेर म्हणजे वही. मग मी बोटाने दाखवत सुटले. पेन? ‘कालेम’. फळा? ‘ताहता’. आपला तक्ता! फारसी-अरबीच्या वाटेने एकीकडे मराठी दफ्तरखान्यात पोचलेले हे शब्द दुसरीकडे इथे, शाळेच्या पोरांच्या तोंडी. दुकानदार माझ्याकडून वहीचे पैसे घेईना. मी घ्यायला लावले.

दुपारी कबाताशचा धक्का. बोटी लागतात, सुटतात, सीगल पक्षी पावाच्या तुकड्यांवर तुटून पडतात. या भागातल्या एका वाड्यात 1892 साली आशिरेत मेक्तेबी उघडली, टोळ्यांची शाळा. अरब टोळीप्रमुखांची मुलं राजधानीत आणायची, पाच वर्षं सरकारी खर्चाने सांभाळायची, तुर्की, फ्रेंच, भूगोल शिकवायचा आणि पुढे अधिकारी करून परत धाडायचं. नंतर कुर्द आणि अल्बेनियन मुलंही घेतली. थोडक्यात, लाडही आणि ओलीसही. 1907 मध्ये शाळा बंद पडली. कारण? जेवणावरून विद्यार्थ्यांनी केलेला दंगा. आता त्यामागे आणखी काही शिजत असणार, पण निमित्त जेवणाचंच. माझा तर लगेच विश्वास बसला. पुण्याच्या वसतिगृहात आम्ही मुलींनी पातळ आमटीवरून दोन दिवस मेसवर बहिष्कार घातला होता. मागण्यांचा कागद लिहिला तेव्हा आमटी तिसऱ्या क्रमांकावर होती.

संध्याकाळी गुल्हाने उद्यान. 1839 चं फर्मान मुस्तफा रशीद पाशाने इथेच वाचून दाखवलं. आणि इथून जवळच, देमिरकापीला, लष्करी वैद्यकीय शाळा होती. 1889 मध्ये तिथल्या चार विद्यार्थ्यांनी सुलतानाविरुद्ध गुप्त मंडळ काढलं: एक अल्बेनियन, दोन कुर्द, एक कॉकेशसकडचा चेर्केस. म्हणजे ज्या ‘ऑटोमन’ बाकासाठी पन्नास वर्षं आटापिटा केला तो बाक अखेर जमला, सुलतानालाच घालवण्यासाठी. त्यातूनच वाढलेल्या चळवळीने 1908 मध्ये राज्यघटना परत आणायला लावली आणि वर्षभरात अब्दुलहमीद गेला.

मी चहा घेत बसले होते तेवढ्यात समोरून एक सहल आली. लहानशा काचेच्या पेल्यातला चहा निवेपर्यंत मी बघत राहिले. बाईंनी पोरांना दोन-दोनच्या रांगेत उभं केलं आणि डोक्यांवर हात ठेवत मोजायला लागल्या, बिर, इकी, उच. मीही मनात मोजत गेले. सत्तावीस. बाईंनी पुन्हा मोजलं, चेहरा कावरा-बावरा. एक कमी होता. मला तो दिसत होता. सिमित म्हणजे तीळ लावलेल्या गोल पावाच्या गाडीपाशी, दोन्ही हातांत पाव धरून उभा. मी खूण केली.