एसटी स्टँडवरचा पाऊस

"पैसे दुसऱ्यांनी घातले, चित्रपट दिग्दर्शकाने केला; मग निर्माते म्हणून तुम्ही नेमके काय केलेत?" हा प्रश्न मला नेहमी विचारला जातो. तुम्हीही विचारलात, म्हणून सविस्तर लिहितो.

निर्माता म्हणजे पैसेवाला शेठ, ही आपल्याकडची जुनी समजूत आहे. कमी खर्चाच्या चित्रपटात मात्र पैसा बहुधा एकाचा नसतोच. १९७६ च्या 'मंथन'साठी गुजरातमधल्या ५ लाख दूध उत्पादकांनी प्रत्येकी २ रुपये दिले होते. असा माणसामाणसांकडून जमलेला पैसा कुठे लागावा आणि कुठे लागता कामा नये, हे ठरवणे म्हणजे माझे काम, आणि त्याची सुरुवात पटकथेच्या वाचनापासून होते.

आमच्या एका पटकथेत एका प्रसंगाच्या माथ्यावर एवढेच लिहिले होते: "एसटी स्टँड. रात्र. पाऊस." मला त्यात पाण्याचे टँकर, जनरेटर व्हॅन, जादा दिवे, महामंडळाची परवानगी, भाड्याची बस, सगळ्या युनिटचे रात्रीचे जेवण आणि प्रत्येक नटाचे कपड्यांचे तीन-तीन जोड दिसत होते. पाऊस काढून टाका, असे सांगणे सोपे होते. मी आधी दिग्दर्शकाला विचारले की पाऊस कशासाठी हवा आहे. तो म्हणाला, "बाप मुलाला अखेर खरे सांगतो, पण पत्र्यावरच्या आवाजात ते मुलाला ऐकूच येत नाही." म्हणजे पाऊस दिसण्यापेक्षा ऐकू येण्याची गरज होती. मग मोठा स्टँड सोडून आम्ही फाट्यावरचा पत्र्याचा निवारा घेतला, कॅमेरा आतच ठेवला, छपराच्या कडेवरून गळणाऱ्या धारांपुरते पाणी एका टँकरमध्ये भागवले, आणि पत्र्यावरचा आवाज ध्वनिमुद्रकाने नंतर खऱ्या पावसात टिपला. तो प्रसंग मला आजही आमच्या चित्रपटाचा प्राण वाटतो.

पण असा आवाज नंतर टिपायचा, तर शूटिंग संपल्यावर हाती पैसे उरलेले असावे लागतात. सेटवर पैसे मागणारी माणसे रोज समोर उभी असतात. ध्वनिमिश्रण, डीआय (म्हणजे चित्रपटाच्या रंगांवरचे शेवटचे काम), सेन्सॉर प्रमाणपत्र यांच्या वतीने तेव्हा कोणीच बोलत नाही, ते मला बोलावे लागते. राज्य शासनाचे अनुदानही चित्रपट पूर्ण होऊन त्याचे परीक्षण झाल्यावरच मिळते, त्यामुळे शूटिंगच्या खर्चात ते धरता येत नाही. म्हणून नंतरच्या कामांची रक्कम मी पहिल्याच दिवशी वेगळ्या खात्यात ठेवतो आणि दिग्दर्शक कितीही आवडता असला तरी तिला हात लावू देत नाही.

पहिल्या चित्रपटात मात्र मी एका जागी चुकलो. वाड्यातल्या एका प्रसंगात रेडिओवर जुने गाणे वाजत होते, ते सगळ्यांनाच आवडले, आणि मी होकार दिला. आवाज जागेवरच मुद्रित होत असल्यामुळे ते गाणे संवादात मिसळून गेले. पुढे त्याच्या हक्कांची रक्कम आमच्या संगीताच्या सगळ्या तरतुदीपेक्षा मोठी निघाली आणि अख्खा प्रसंग डब करावा लागला. आजीची भूमिका करणाऱ्या बाई तीन तास स्टुडिओत उभ्या होत्या. ओठ जुळले, शब्द जुळले. पण त्या दिवशी वाड्यात बोलता बोलता त्यांचा श्वास जो अडखळला होता, तो काही पुन्हा आला नाही.

आता शॉट लागण्याआधी खोलीतून एक फेरी मारून रेडिओ आणि टीव्ही बंद असल्याची खात्री मी स्वतः करतो.