दाजी, द्राक्षं आणि चिंक्वे तेर्रे

शनिवार, रात्र. फ्लोरेन्स.

पिंढऱ्या अशा भरून आल्यात की बाथरूमपर्यंत जायचा पण कंटाळा येतोय, म्हणून बेडवर पाय वर करून फोनवरच लिहितेय. ताई केव्हाच घोरायला लागली. दाजी खाली रिसेप्शनवर गरम पाण्याची चौकशी करायला गेलेत, म्हणजे अर्धा तास तरी येत नाहीत, तिथल्या पोराला इंग्लिश कमी येतं आणि दाजींना वेळ भरपूर आहे.

आज इटलीच्या समुद्रकाठच्या चिंक्वे तेर्रेची डे ट्रिप झाली. गाईडवाली. सकाळी सातला बस, रात्री परत, आणि मधे 'हाइक आणि वाइन टेस्टिंग'. बुक करतानाच मला ते जरा विचित्र वाटलं होतं. आधी डोंगर चढायचा आणि मग प्यायचं, ह्या दोन गोष्टी एका तिकिटात कशाला कोंबल्यात, नुसता ट्रेक खपत नाही म्हणून वाइन चिकटवली असणार असं मी ताईला म्हटलंही होतं. तिला काय, ते रंगीबेरंगी घरांचे फोटो पाहिजे होते. दाजी तासगावचे, घरची द्राक्षबाग, बेदाण्याची शेड, घरात कुणी थेंबाला शिवत नाही, पण द्राक्षं बघायला मिळतील म्हटल्यावर सगळ्यात आधी हेच तयार. "चला की मग, बाग बघू."

बसमध्ये पहिला तास झोपेतच गेला. मधे दाजींनी हलवून उठवलं, "अगं बर्फ बघ बर्फ." सप्टेंबरच्या शेवटी कसला बर्फ! ते करारा गावाजवळचे संगमरवराचे डोंगर होते, खाणींनी पांढरेफटक झालेले, हायवेवरून खरंच बर्फच वाटतो. मायकेलअँजेलोच्या पुतळ्यांचा दगड इथलाच. गाईडने माइकवरून सांगितलं तेव्हा दाजी हिरमुसले, पण लगेच किती फूट खोल जातात, ट्रक वर कसे चढतात ह्या चौकश्या सुरू. बिचारीला सकाळी सकाळी ट्रकचं अपेक्षित नव्हतं.

आमची गाईड तिथलीच, पन्नाशीची, बारीक चणीची बाई, पायात चांगले जुने झिजलेले ट्रेकिंग बूट. तिने बसमध्येच सगळ्यांचे पाय तपासले, अक्षरशः वाकून. स्लिपर्स घालून ट्रेलवर आलात तर दंड आहे म्हणे, २०१९ मध्ये इथल्या नॅशनल पार्कवाल्यांनी जाहीर केलं होतं, ५० युरोपासून थेट २५०० पर्यंत. लोक चप्पल घालून वर जातात, पाय मुरगाळतो आणि मग रेस्क्यूवाल्यांनी उचलून आणायचं. एका कोरियन मुलीचे सँडल्स बघून ती बराच वेळ गप्प राहिली आणि मग "ओके" म्हणाली. ते ओके काही खरं नव्हतं.

चिंक्वे तेर्रे म्हणजे पाच गावं, ला स्पेत्सिया शहराच्या पुढे, समुद्रालगत कड्यांना धरून बसलेली. रिओमाज्जोरे, मानारोला, कोर्निल्या, व्हर्नात्झा, माँतेरोस्सो. १९९७ पासून युनेस्कोच्या यादीत आहेत. १८७४ मध्ये रेल्वे आली त्याच्या आधी इथे यायचं म्हणजे बोटीने नाहीतर डोंगरातल्या पायवाटेने. आजही ट्रेन म्हणजे बोगदा, दोन सेकंद समुद्र, परत बोगदा. ताईने त्या दोन सेकंदात निदान चाळीस फोटो काढले असतील आणि सगळ्यात खांबच आलाय.

मानारोलाहून छोट्या बसने वर वोलास्त्राला नेलं आणि तिथून चालायला सुरुवात. म्हणजे चढण बसने संपवली होती, फसवाफसवीच, पण दाजींच्या गुडघ्यांना ते बरंच झालं. वोलास्त्रा साधारण सव्वातीनशे मीटर उंचीवर आहे आणि पुढची वाट थेट द्राक्षमळ्यांच्या कडेकडेने जाते, डाव्या हाताला खाली एकदम समुद्र. एवढं खाली की बोटी दिसतात पण आवाज येत नाही. वाट कशी तर जेमतेम एक माणूस जाईल एवढी, एका बाजूला गडगा आणि दुसऱ्या बाजूला काहीच नाही. समोरून कुणी आलं की एकाने गडग्याला चिकटून उभं राहायचं. आणि ते गडगे! सिमेंट नाही, चुना नाही, दगडावर दगड नुसते बसवत गेलेले, सगळा डोंगर असा पायरी पायरी करून बांधून काढलाय आणि प्रत्येक पायरीवर एक नाहीतर दोन ओळी वेली, बस. सगळे गाईड म्हणे सांगतात की हे सगळे गडगे जोडले तर चीनच्या भिंतीएवढे होतील. मोजलं कुणी देव जाणे. पण समोर बघितल्यावर वाद घालावासा वाटत नाही हे खरं.

दाजी मागे राहिले. मला वाटलं दम लागला. मागे जाऊन बघते तर हे गुडघ्यावर बसून वेलीखाली डोकं घालून बघतायत. कारण इथले मांडव कमरेच्या पण खाली असतात, वारा आणि खारं पाणी लागू नये म्हणून, त्यामुळे तोडणी करायची तर वाकून, नाहीतर सरळ रांगत. "फवारणी कशी करतात मग? ट्रॅक्टर कुठनं घालणार?" असं स्वतःशीच. गाईडला विचारलं तर म्हणाली पाठीवर पंप. दाजी उठले, गुडघे झाडले, माझ्याकडे बघून म्हणाले, "ह्या पद्धतीनं बाग करायची म्हणली तर मजूरच मिळायचा नाही आपल्याकडं."

इथेही मिळत नाही. तीच तर सगळी गोष्ट आहे.

गाईड तिथेच एका वळणावर थांबून सांगायला लागली. तिचे आजोबा असलाच एक तुकडा करायचे. मग ला स्पेत्सियाला नौदलाच्या गोदीत, कारखान्यांत पगाराची नोकरी मिळायला लागली, पोरं डोंगर उतरून गेली, आणि उरलेली पुढे हॉटेल आणि खोल्या भाड्याने देण्यात. खोलीतून एका रात्रीत मिळतं ते द्राक्षातून किती महिन्यांनी मिळणार. मळे पडीक पडत गेले. पडीक पडले की गडग्याकडे कुणी बघत नाही, एक दगड सुटला की पाणी त्या जागेतून घुसतं, दुसरा सुटतो, आणि मग आख्खा टप्पा खाली. तिने हात करून समोरचा उतार दाखवला. आम्हाला तो हिरवागार, छान, नैसर्गिक वगैरे वाटत होता, एक अमेरिकन काका तर त्याचाच व्हिडिओ काढत होते. ती म्हणाली हे जंगल नाहीये, हे पडलेलं शेत आहे. नीट बघितलं तर झुडपांमधून ओळी दिसतात, गडग्यांच्या, अर्ध्या ढासळलेल्या.

२५ ऑक्टोबर २०११ ला इथे काही तासांत प्रचंड पाऊस पडला आणि व्हर्नात्झा नि माँतेरोस्सोमध्ये डोंगरावरून चिखल, दगड, गाड्या सगळं गावात आलं, माणसं गेली. फक्त पडक्या गडग्यांमुळे झालं असं काही ती म्हणाली नाही, पाऊसच तेवढा होता, पण उतार धरून ठेवणारं कुणी नसेल तर पाणी काय करतं ते त्या दिवशी सगळ्यांनी बघितलं. आता जी मंडळी अजून बाग करतात त्यांची वाइन विकली गेली तर गडगा दुरुस्त होतो, गडगा टिकला तर ही वाट टिकते, आणि वाट मुळात त्यांचीच, बागेत जायची. आपण ज्याला ट्रेल म्हणतो आणि ज्यासाठी टूरचे पैसे भरतो ती. मी एकदम गप्प झाले. तिकिटात दोन गोष्टी कोंबल्यात म्हणत होते ना सकाळी.

तेवढ्यात खालून घरघर आवाज. एकाच रुळावर चालणारी बुटकी गाडी, इंजिनावर एक माणूस आणि मागे द्राक्षांचे लाल क्रेट, आणि ती इतक्या उभ्या चढावर सरळ वर येतेय की माझ्या पोटात गोळा आला. रुळाला दाते असतात, त्यात गाडीचं चाक अडकत जातं. तोडणीचे दिवस चालू होते म्हणून आम्हाला दिसली, नशीब. ही रुळाची गाडी यायच्या आधी हे सगळं पाठीवर. दाजींनी व्हिडिओ काढला, लगेच घरच्या ग्रुपवर टाकला, रेंज नव्हती, मग कोर्निल्यापर्यंत तो गोल फिरत राहिला.

कोर्निल्याला उतरायची शेवटची वाट वाईट आहे. दगडी, उभी, गुडघ्यांची वाट लावणारी. कोरियन मुलगी मजेत उतरली, बूटवाले सगळे कण्हत होते.

टेस्टिंग एका घरगुती तळघरात. टेबलावर फोकाच्या म्हणजे तिथला चपटा पाव, पेस्तोची हिरवी चटणी, माँतेरोस्सोच्या खारवलेल्या अँचोव्ही मासळ्या (ताईने नाक मुरडून ताट माझ्याकडे सरकवलं, मी दोघींच्या वाटच्या खाल्ल्या, मस्त होत्या). पहिली साधी पांढरी, कोरडी, बोस्को, अल्बारोला आणि वेर्मेंतीनो ह्या तीन द्राक्षांची. नाशिकला एकदा ऑफिसच्या ग्रुपबरोबर टेस्टिंगला गेले होते, तिथे ग्लास फिरवा, नाकाशी न्या, काय वास येतोय सांगा, आणि सगळेजण पेरू, अननस असं काहीतरी ठोकत होते. इथे तो म्हातारा मालक काहीच विचारत नव्हता. ओतायचा आणि निघून जायचा. चव खारट. म्हणजे मीठ नव्हे, पण घोट गेल्यावर जिभेच्या कडेला काहीतरी राहतं, वारं तोंडावर घेऊन आल्यावर ओठ चाटले की लागतं तसं.

मग शाक्केत्रा. ही गोड वाइन, हिचीच सगळी ख्याती. द्राक्षं तोडून लगेच चिरडत नाहीत, आधी सावलीत सुकवतात, निदान १ नोव्हेंबरपर्यंत, नियमच आहे तसा. एवढं ऐकलं आणि दाजी खुर्चीतून उठलेच. "सुकवतात? कुठं? दाखवा म्हणावं." आता मालकाला इंग्लिश येत नाही, दाजींना इटालियन येत नाही, मधे गाईड, तिच्या मधे मी, पण दोघांचं असं काही जुळलं की वरच्या माळ्यावर आम्ही चौघंच गेलो. लाकडी चौकटींना जाळ्या, त्यावर घड एकेरी मांडलेले, खिडक्या उघड्या, समुद्राकडून वारा. दाजी बराच वेळ काही बोललेच नाहीत. मग प्रश्नांची माळ. द्राक्षं कशात बुडवून काढता? कशातच नाही. आमच्याकडं पोटॅशियम कार्बोनेट आणि डिपिंग ऑइलमध्ये बुडवतात, मण्यावरचा मेणाचा थर जातो, पंधरा दिवसात माल तयार. इथे तसा थर काढतच नाहीत, म्हणून दोन महिने. पाऊस आला, हवा दमट झाली तर? म्हाताऱ्याने खांदे उडवले, खिडक्या लावायच्या म्हणाला, आणि रोज येऊन कुजलेला मणी हाताने वेचायचा. शेवटी मणी देठावरून काढतात ते पण हातानेच. शंभर किलो द्राक्षातून तीसेक लिटर.

त्याने दाजींच्या हातावर एक सुरकुतायला लागलेला मणी ठेवला. दाजींनी तोंडात टाकला, चावला, बी काढून हातात घेतली, तिच्याकडे बघितलं. "बी आहे, साल जाड आहे, बेदाण्याला चालायचं नाही," मग थोडं थांबून, "पण गोडी आहे ओ." हे मी भाषांतर करायच्या आधीच म्हाताऱ्याला कळलं होतं, तो हसत होता.

खाली येऊन मी शाक्केत्रा प्यायले, रंग चहाच्या कोऱ्या काढ्याचा, जर्दाळू आणि मधाचा वास (हे मला खरंच आलं, ठोकत नाहीये). गोड आहे पण चिकट गोड नाही, शेवटी परत तेच खारं. ताईला आवडली, तिने माझी पण संपवली. दाजींनी ग्लासचा फक्त वास घेतला, तीन-चार वेळा, आणि परत ठेवला.

बाकीचा दिवस काय, धावपळ. कोर्निल्या एकटंच गाव जे पाण्याला लागून नाही, वर टेकाडावर आहे, स्टेशनला जायला ३८२ पायऱ्या, सुदैवाने आम्ही उतरत होतो, चढणाऱ्यांचे चेहरे बघवत नव्हते. व्हर्नात्झात इतकी गर्दी की बंदराच्या त्या छोट्याशा चौकात उभं राहायला जागा नाही, एक आजीबाई भाजीची पिशवी घेऊन "पेर्मेस्सो, पेर्मेस्सो" करत सगळ्यांच्या सेल्फींमधून वाट काढत होत्या आणि कुणी हलत नव्हतं. मला लाज वाटली, पण मी पण तिथेच उभी होते की. माँतेरोस्सोला तासभर समुद्र, पाय बुडवले. रिओमाज्जोरे ट्रेनमधूनच. तिथून मानारोलाला जाणारी ती प्रेमिकांची प्रसिद्ध वाट, २०१२ मध्ये दरड पडल्यापासून बंद होती ती २०२४ मध्ये उघडली, पण तिचं तिकीट वेगळं आणि वेळ ठरलेली, आमच्या टूरमध्ये नव्हती. ताईला त्याचं वाईट वाटलं, मला खास नाही.

बाटलीचं सांगायचं राहिलं. निघताना दाजींनी शाक्केत्राची अर्ध्या मापाची छोटी बाटली घेतली. पंचेचाळीस युरो! जो माणूस इथे कॉफी उभ्याने पितो, बसलं की जास्त लावतात म्हणून, त्याने. ताई बघतच राहिली, "अहो, पिणार कोण?" तर म्हणे कुणी प्यायची नाहीये, धाकट्या भावाला दाखवायचीये, त्याच्या शेडमध्ये मागल्या वर्षी पावसात सापडलेला माल तसाच पडलाय. त्याचं ह्याच्यात काय होणार ते मला कळलं नाही, त्यांनाही कळलं असेल असं वाटत नाही. बसमध्ये बाटली मांडीवर घेऊन बसले होते आणि मला कस्टमचं विचारत होते, दोन लिटरपर्यंत चालते म्हटल्यावर "मग अजून एक घ्यायला पाहिजे होती" म्हणाले, तेव्हा ताईने डोळे मिटून घेतले.

आले वाटतं, जिन्यात आवाज येतोय. गरम पाणी मिळालेलं दिसतंय. उद्या उफिझी म्युझियमचं सव्वाआठचं तिकीट आहे आणि गजर ताईच्या फोनवर लावलाय, म्हणजे मलाच उठायचंय.