गॉडझिलाची डरकाळी आणि सैल केलेली तार

जपानी चित्रपटांतल्या गॉडझिला या महाकाय राक्षसाची मूळ डरकाळी कुठल्याच प्राण्याची नाही. १९५४च्या चित्रपटासाठी आधी खऱ्या प्राण्यांचे आवाज वापरून पाहिले, पण त्या अगडबंब देहाला ते शोभेनात. मग संगीतकार अकिरा इफुकुबे यांनी डबल बास सुचवला.

व्हायोलिनच्या कुळातलं हे सर्वात मोठं वाद्य. त्याची जाड तार सैल करायची, चामडी हातमोज्याला राळ चोळायची आणि मोजा तारेवरून लांबीच्या दिशेने ओढायचा. व्हायोलिनच्या गजाला राळ लावतात ती याच कारणासाठी: चामडं तारेला क्षणभर चिकटतं, ताण वाढला की सुटतं, परत चिकटतं. राळ कमी पडली तर मोजा नुसता घसरतो. तार ताठ राहिली तर स्वर ओळखू येतो आणि प्राण्याऐवजी वाद्यच ऐकू येतं. शेवटी टेप संथ चालवायची. वेग निम्मा केला तर आवाज एक सप्तक खाली उतरतो आणि दुप्पट लांबतो.

लाकूड आणि तार यांच्याशी त्यांची ओळख जुनी होती. १९१४ साली जपानच्या होक्काइडो बेटावरच्या कुशिरो इथे जन्मलेल्या इफुकुबेंनी पदवी घेतली वनशास्त्राची. संगीत स्वतःच शिकले. लहानपणी ऐकलेली तिथल्या आइनू या मूळ रहिवाशांची गाणी कायम सोबत राहिली. वन खात्यात नोकरी करत असतानाच १९३५ साली ‘जपानी ऱ्हॅप्सडी’ या वाद्यवृंदाच्या रचनेला रशियन संगीतकार चेरेपनिन यांच्या नावाचं पारितोषिक मिळालं. युद्धकाळात लाकडावरच्या संशोधनात पुरेशा संरक्षणाविना क्ष-किरणांशी काम करावं लागलं आणि प्रकृती ढासळली. त्यानंतर संगीत हाच पेशा झाला. अणुचाचणीने जागा झालेल्या राक्षसाला संगीत देणारा माणूस स्वतः घातक किरणांची झळ सोसलेला होता, हे मला फार महत्त्वाचं वाटतं.

पहिला चित्रपट १९४७चा, ‘स्नो ट्रेल’. बर्फावर स्कीइंग करण्याच्या प्रसंगाला दिग्दर्शक सेनकिची तानिगुची यांना उत्साही चाल हवी होती. इफुकुबेंनी उदास सूर दिला आणि वाद झाला तरी तोच धरून ठेवला. पडद्यावर दिसतं तेच संगीताने पुन्हा सांगायचं नाही, हा त्यांचा हट्ट तिथपासूनचा. पुढे कोन इचिकावांचा ‘बर्मीज हार्प’ (१९५६), मग अंध तलवारबाज झातोइची (१९६२).

गॉडझिलाची प्रसिद्ध धून मात्र नीट मोजून ऐकावी. उतरत्या तीन स्वरांचा तुकडा पुन्हा पुन्हा येतो, आणि चार व पाच मात्रांचे खंड आलटूनपालटून पडतात. सम गाठली असं वाटेपर्यंत एक मात्रा जास्तीची निघते, म्हणून ती पुढे ढकलत राहते. सगळे खंड चारचे करून वाजवलं तर साधं संचलन उरतं. हा तुकडा त्यांच्या १९४८च्या व्हायोलिन रचनेतही सापडतो. मूळ चित्रपटात ही धून गॉडझिलाची नव्हतीच. ती होती त्याच्याशी लढायला निघालेल्या माणसांची. राक्षसाच्या नावावर ती पक्की झाली १९७५मध्ये.