‘कागज के फूल’चे पुनर्मूल्यांकन
आज रात्री इंदूरच्या रामबागेतील आमच्या घरी आई आणि मी दूरचित्रवाणीवर ‘कागज के फूल’विषयी समीक्षकांची चर्चा पाहिली. १९५९ साली अपयशी ठरलेला हा भारतातील पहिला सिनेमास्कोप, म्हणजे रुंद चौकटीत चित्रित केलेला, चित्रपट आज अभिजात मानला जातो, मात्र छायाचित्रणकार व्ही. के. मूर्ती यांनी आरशांच्या साहाय्याने स्टुडिओत उतरवलेल्या प्रकाशझोतापुढे चर्चा फारशी सरकलीच नाही, याची मला खंत वाटली. त्या अपयशाचे खापर केवळ तत्कालीन प्रेक्षकांवर फोडणेही अन्यायाचे आहे. उत्तरार्ध खरोखरच रेंगाळतो, हे आईचे मत मला पटते. तरीही गीता दत्त यांच्या स्वरातील ‘वक्त ने किया’मध्ये दोन पात्रांतील दुरावा त्या रुंद चौकटीमुळेच इतका तीव्रतेने जाणवतो, हे कोणीतरी आवर्जून सांगायला हवे होते.