ताईची चिंगी आणि कलम ५२

२००१च्या मे महिन्यात मामा मस्कतहून आला, तेव्हा त्यानं जांभळा, आरपार दिसणारा गेम बॉय कलर, म्हणजे हातात धरून खेळायचा व्हिडिओ गेम, आणला होता. सोबत एकच कॅसेट, पोकेमॉन रेड. त्या कॅसेटवर सेव्ह करायला जागाही एकच, म्हणून मी आणि ताई मिळून एकच खेळ खेळायचो. खेळातला आमचा पहिला प्राणी चारमँडर, त्याचं नाव तिनं ठेवलं: चिंगी.

चिंगी जिवंत आहे ती कॅसेटमधल्या ३ व्होल्टच्या बटण सेलवर. सेव्ह केलेला खेळ ३२ केबीच्या रॅममध्ये, म्हणजे वीज असेपर्यंतच टिकणाऱ्या मेमरीत, असतो आणि सेल संपला की सगळं पुसलं जातं. गेल्या रविवारी कॅसेट उघडून मल्टिमीटर लावला, तर २.६ व्होल्ट. पोटात गोळाच आला.

आधी कॅसेट वाचून संगणकावर उतरवणाऱ्या यूएसबी रीडरवर खेळाची आणि सेव्हची कॉपी घेतली. पहिल्या वेळी नुसता कचरा आला. आयसोप्रोपाइल अल्कोहोलचा बोळा पिनांवरून फिरवला तर काळाकुट्ट झाला. मग दोनदा वाचून दोन्ही फायली जुळवल्या आणि त्यानंतरच सोल्डरिंग आयर्न हातात घेतलं. नवा सेल बसल्यावर सेव्ह परत चढवली.

हे कायद्यात बसतं का, हेही शोधलं. १९५७च्या कॉपीराइट कायद्यातलं कलम ५२(१)(एए) कायदेशीर ताबा असलेल्याला बॅकअप घेऊ देतं, पण त्याच प्रतीवरून. म्हणजे कॅसेट घरात आहे म्हणून नेटवरून रॉम, म्हणजे खेळाची फाइल, उतरवला, तर तो यात बसत नाही. शिवाय तिथं शब्द आहे 'तात्पुरतं' संरक्षण. मला हा शब्द खुपतो. जतन करायचं ते पुढच्या पिढीसाठी, ते तात्पुरतं कसं असेल?

विकत घ्यावा म्हटलं तर हा खेळ निन्टेंडोच्या थ्रीडीएस या नंतरच्या गेम यंत्राच्या ऑनलाइन दुकानात होता, ते मार्च २०२३मध्ये बंद झालं. त्याच वर्षी जुने खेळ जतन करणाऱ्या व्हिडिओ गेम हिस्टरी फाउंडेशन या अमेरिकी संस्थेनं मोजदाद केली: अमेरिकेत २०१०पूर्वी आलेल्या खेळांपैकी ८७ टक्के आज बाजारात नाहीत, आणि गेम बॉयचे तर सहा टक्केही मिळत नाहीत. तरी ग्रंथालयांनी असे खेळ संशोधकांना घरबसल्या वापरू द्यावेत, ही मागणी तिथल्या कॉपीराइट कार्यालयानं ऑक्टोबर २०२४मध्ये फेटाळली. बाजारात नसलेल्या खेळानं कुणाचं नुकसान होणार होतं? मला हा निर्णय चुकीचाच वाटतो.

ताईला फोटो पाठवला. लगेच फोन आला, "अरे, चिंगी! मला पण दे ना कॉपी, पिल्लूला दाखवते."

सेव्हची फाइल पाठवली, ती आमची दोघांची. खेळाची नाही पाठवली. दिवाळीला ती येईल तेव्हा कॅसेटच तिच्या हातात देणार आहे.