चपला जागेवर नव्हत्या

गोव्यातल्या सत्तरी तालुक्यातली एकशिक्षकी शाळा, मराठी माध्यम, पटावर चौदा मुलं. वाळपईला बस बदलून मी पोचले तेव्हा दहा वाजून गेले होते आणि सलवार गुडघ्यापर्यंत भिजली होती. जूनमध्ये तिकडचा पाऊस सरळ पडतच नाही, आडवा येतो. चपला पायरीवर काढल्या नि आत गेले.

मी विशेष शिक्षिका. वर्गशिक्षकांना ज्या मुलाबद्दल काही वेगळं वाटतं त्याला जाऊन बघायचं, नोंदी करायच्या, गरज वाटली तर डॉक्टरांकडे पाठवायचं, एवढं माझं काम. निदान मी करत नाही, करूही नये. पण माझ्या चार ओळी वाचून पुढची माणसं काय समजून बसतात, ते मला चांगलं ठाऊक आहे.

मुलगा दुसरीतला. इथे त्याला बाबू म्हणते. सरांचं म्हणणं असं की हा बोलत नाही, नजरेला नजर देत नाही, पोरांत मिसळत नाही. सोबत आजी आली होती. ती दारातच म्हणाली, "तो उलयना, पूण ताका सगळें कळटा." बोलत नसला तरी त्याला सगळं कळतं. आज्या असं म्हणतातच. मी ते वहीत उतरवलंसुद्धा नाही.

माझ्या पिशवीत दोन बाहुल्या असतात, पिंकी आणि सोनी. एक टोपली, एक बिस्किटांचा रिकामा डबा आणि एक गोटी. पिंकी गोटी टोपलीत ठेवते आणि बाहेर जाते. ती नसताना सोनी गोटी काढून डब्यात टाकते. पिंकी परत येते. आता ती गोटी कुठे शोधेल?

मोठ्या माणसाला यात विचारण्यासारखं काही दिसत नाही. तीन वर्षांचं मूल मात्र बहुतेक वेळा डबा दाखवतं, कारण गोटी खरोखर तिथे आहे. आपल्याला माहीत असलेलं दुसऱ्याला माहीत नसू शकतं, त्याच्या डोक्यात चुकीची गोष्ट असू शकते आणि तो त्या चुकीप्रमाणेच वागेल, ही उमज साधारण चौथ्या-पाचव्या वर्षी पक्की होते. 1983 साली विमर आणि पर्नर या दोघांनी ही कसोटी पहिल्यांदा मांडली. 1985 मध्ये लंडनला बॅरन-कोहेन, लेस्ली आणि फ्रिथ यांनी बाहुल्या आणि गोटी घेऊन ती स्वमग्न, म्हणजे ऑटिझम असलेल्या, मुलांवर करून बघितली. 20 पैकी 16 मुलं चुकली. डाऊन सिंड्रोम असलेल्या 14 मुलांपैकी मात्र 12 बरोबर ठरली. त्या आकड्यांनी आमच्या क्षेत्रात एवढा दबदबा निर्माण केला, की स्वमग्न म्हणजे दुसऱ्याचं मन न कळणारा असं समीकरणच होऊन बसलं. त्या 20 मधली चार मुलं बरोबर होती, ती कुणाच्या लक्षात राहत नाहीत.

बाबूने डब्यावर बोट ठेवलं.

नियमाप्रमाणे आणखी दोन प्रश्न विचारावे लागतात. गोटी आता खरी कुठे आहे? डबा. आधी कुठे होती? टोपली. म्हणजे गोष्ट त्याला समजली होती, आठवतही होती. मी दुसऱ्यांदा केलं. परत डबा. तिसऱ्यांदा विचारल्यावर तो उठून बाहेर गेला आणि मी पेन काढलं. पेन्सिल नव्हे, पेन. "दुसऱ्याच्या मनात काय आहे याचा अंदाज येत नाही." पंधरा वर्षांत हे वाक्य इतक्यांदा लिहिलंय की हात आपोआप चालतो.

बाकीचा फॉर्म भरून बाहेर आले तर पायरीवर चपला नाहीत. पहिल्यांदा कुत्र्याचा संशय आला. बाबू तिथेच, पायरीच्या कडेला उकिडवा बसला होता. पत्र्याची पागोळी थेट त्याच्या पाठीवर गळत होती, चड्डी भिजून काळी झाली होती. मी रिकाम्या पायरीकडे बघितलं, मग अंगणात, मग परत पायरीकडे. तो माझ्या डोळ्यांकडे बघत होता. नजर न देणारा मुलगा! मग माझी ओढणी धरून त्याने मला आत ओढत नेलं. दाराच्या मागे, भिंतीला टेकवून, तळ वर करून माझ्या दोन्ही चपला निथळत ठेवलेल्या. "भिजतालीं," तो म्हणाला. भिजत होत्या. दिवसभरात मी ऐकलेला त्याचा पहिला शब्द.

मी तिथेच बाकावर बसले. चपला आत आहेत हे त्याला माहीत होतं. कोरड्यात, चपलांपाशी थांबायला काय हरकत होती? पण मी कुठे येणार, तर जिथे त्या नाहीत तिथे. म्हणून तो पागोळीखाली जाऊन बसला होता.

अर्थात अशा वेळी आपल्याला हवं ते दिसतं. पोर नुसतं पाऊस बघत बसलं असेल. म्हणून सरांची छत्री घेतली. ती खिडकीच्या गजाला अडकवलेली होती, सर बाजूच्या खोलीत पोषण आहाराचा हिशेब लिहीत होते. बाबूच्या देखत मी ती फळ्यामागे ठेवली आणि या वेळी कोंकणीत विचारलं, "सर आपली सत्री पयलीं खंय सोदतले?" सर आपली छत्री आधी कुठे शोधतील? त्याने लगेच खिडकी दाखवली. सर आले, खिडकीशी गेले, गजावर हात फिरवला, खाली वाकून बघितलं. बाबू दोन्ही हातांनी तोंड दाबून बसला होता आणि हसू बोटांतून बाहेर येत होतं.

"पयलीं", म्हणजे आधी. या शब्दाची गंमत मला माहीत असायला हवी होती. 1991 मध्ये सीगल आणि बीटी यांनी तीन वर्षांच्या मुलांना हाच प्रश्न "आधी कुठे शोधेल" असा विचारला, तर कितीतरी जास्त मुलं बरोबर आली. नुसतं "कुठे शोधेल" म्हटलं की मुलाला वाटतं, तिला गोटी मिळायला हवी, मग कुठे शोधायला हवी ते सांगू या. बाबूही पिंकीला मदतच करत असेल. त्यात घरात कोंकणी, शाळेत मराठी आणि समोर डिचोलीहून आलेली अनोळखी टीचर छापील मराठीत बाहुल्यांना बोलायला लावतेय. मी भाषा बदलली, शब्द बदलला, बाहुलीऐवजी खरा माणूस घेतला, तिन्ही एकदम. त्यातलं नेमकं कशामुळे जमलं ते मला सांगता येणार नाही. कामाच्या शिस्तीत हे बसत नाही, कबूल. तो स्वमग्न असेलही. कसोटी सुटली म्हणजे नाही, असं अजिबात होत नाही. डॉक्टरांकडे मी त्याला पाठवलंच, कारण बोलण्यासाठी मदत त्याला लागणारच आहे.

फॉर्मवरचं ते वाक्य खोडून शेजारी बारीक अक्षरात चपलांचं आणि छत्रीचं लिहिलं. जागा पुरली नाही, समासात गेले. निघताना आजीला शोधलं, तर ती शाळेच्या मागे नळावर पाय धूत होती. म्हटलं, तुमचं बरोबर होतं. तिने पदर झटकला आणि माझ्या पायांकडे बघत विचारलं, "चपलां सुकलीं?"

पुढच्या आठवड्यात ऑफिसातून फोन आला. फॉर्म वाचणाऱ्या बाईंनी बाकीचं सगळं ठीक आहे म्हटलं. "फक्त समासातलं लागत नाहीये. 'मुलगा पागोळीखाली बसला' असं काहीतरी दिसतंय. कापू का ते?"

"नको," म्हटलं. "टाईप करून पाठवते."