तुम्ही विचारलंत म्हणून: पिचर पोरांना मी फुटबॉल का फेकायला लावतो

दर सीझनला कोणी ना कोणी पालक विचारतोच, आणि आपल्या मंडळातले लोक तर गणपतीत ताट हातात असतानाही, की अरे तू बेसबॉलचा कोच ना, मग तुझे पिचर, म्हणजे बॉलिंग टाकणारी पोरं, तो लांबट अमेरिकन फुटबॉल का फेकत बसतात. एकदाच लिहून टाकतो.

आयडिया माझी नाही, टॉम हाऊसची. ८ एप्रिल १९७४ ला हँक ॲरनचा विक्रमी ७१५वा होमरन (आपल्या सिक्सरसारखा फटका) बुलपेनमध्ये, म्हणजे पिचर्सच्या वॉर्मअपच्या जागेत, झेलला तो हाच, लोकांना तेवढंच आठवतं. पिचर होता पण वेग बेताचा. पुढे १९८५ ते १९९२ टेक्सास रेंजर्सचा पिचिंग कोच झाला आणि पिचर्सच्या हातात फुटबॉल दिला, लोक हसले. त्याच्याच हाताखाली नोलन रायनने १९९१ मध्ये, वयाच्या ४४व्या वर्षी, सातवा नो-हिटर टाकला, म्हणजे अख्ख्या मॅचमध्ये समोरच्यांना एकही हिट दिली नाही. आता म्हणाल रायनचा हात मुळातच देवाने दिलेला, त्यात फुटबॉलचं काय. मीही आधी हेच म्हणायचो. आणि खेळताना स्टेरॉइड्स घेतल्याचं हाऊसने २००५ मध्ये स्वतःच कबूल केलंय, म्हणजे गुरुजीही काही धुतल्या तांदळाचे नाहीत.

खरं कारण वेगळंय. माझा पोरगा ११ वर्षांचा होता, मी डगआउटमध्ये, टीम बसते तिथे, पिचेस (टाकलेले बॉल) मोजायचा काउंटर घेऊन उभा. त्या वयाला दिवसाला ८५ पिचेसची लिमिट, मी एकही जास्त टाकू दिला नाही, हे बायकोला नंतर दहा वेळा ऐकवलंय. पण आदल्या संध्याकाळी बॅकयार्डमध्ये मीच उलट्या बादलीवर बसून त्याच्याकडून अंधार पडेपर्यंत बॉल टाकून घेतले होते, ते काउंटरवर कुठे दिसणार. पाचव्या इनिंगला त्याने दोनदा कोपर झटकलं आणि माझ्याकडे बघितलं. मी हातानेच खुणावलं, टाक. गाडीत म्हणाला बाबा दुखतंय, मी म्हटलं होतं असं, आम्ही मॅटिंगवर दिवस दिवस बॉलिंग टाकायचो. घरी आल्यावर त्याला पाण्याच्या बाटलीचं झाकण फिरवता येईना. एक्सरेमध्ये कोपराच्या आतल्या बाजूची ग्रोथ प्लेट, म्हणजे हाड वाढतं तो कोवळा भाग, ताणलेली निघाली, चार महिने फेकणं बंद.

फुटबॉलने ते टळलं असतं असं मी म्हणत नाही. पण हात वाकडा गेला की फुटबॉल हवेत डुगडुगतो, लांबूनही दिसतं, पोराला तोंड उघडायला लागत नाही. माझ्यासारख्याला तेवढं तरी हवं.

पोरगा आता फर्स्ट बेसला खेळतो, तिथे फारसं फेकावं लागत नाही. परवा प्रॅक्टिसला आलेला, थोडा वेळ बघत बसला आणि म्हणाला, बाबा, हे फुटबॉल मोजतोयस का?

काउंटर गाडीतच राहिला होता.